तारीख माझ्या अक्षरात

चेर्तलाच्या कोर्टात पंखा आहे,
साक्षीदाराच्या बाजूला तो वळत नाही.
तीनदा पुकारा झाला तेव्हा उमजलं,
त्रेस्या वर्की म्हणजे मीच.

बावीस वर्षं कुवेतच्या इस्पितळात
चादरी धुतल्या.
रक्ताचा डाग गार पाण्यानं जातो, गरम पाण्यानं बसतो,
एवढं एकच शास्त्र मला येतं.
त्या चादरींतले एक लाख ऐंशी हजार
सुगुणनला दिले. काथ्याचा माग घ्यायचा होता त्याला,
जुना, मुहम्माच्या कुठल्याशा सोसायटीनं मोडीत काढलेला.

चेक त्यानं माझ्याच पडवीत लिहिला.
रक्कम अंकी, रक्कम अक्षरी, खाली सही,
दोराला गाठ मारावी तशी ओढून.
तारखेची जागा मोकळी.
"चेची, खात्यात आज काही नाही," म्हणाला.
"माहीत आहे," म्हणाले मी,
आणि चेक बायबलात ठेवला.

पहिल्या वर्षी व्याज आलं.
दुसऱ्या वर्षी शिंपल्यांची टोपली.
तिसऱ्या वर्षी नमस्कार, तोही कालव्यापलीकडून.
मग एका मंगळवारी तारीख मीच घातली.

शिल्लक अपुरी.
हे कळायला बँकेला दोन दिवस लागले,
मला तीन वर्षांपूर्वीच ठाऊक होतं.

वासवन वकील म्हणाले, नोटीस तीस दिवसांत जायला हवी होती.
त्या तीस दिवसांत सुगुणनची सून बाळंतपणात अडलेली.
अशा घरी रजिस्टर पत्र कोण धाडतं?
"मग चेकचा गुन्हा हातचा गेला. उरली फसवणूक.
आणि फसवणूक, चेची, शेवटाला बघत नाहीत, आरंभाला बघतात.
पैसे घेतानाच त्याच्या मनात खोट होती का, एवढंच.
तुम्ही फक्त एक वाक्य बोला:
खात्यात पैसे आहेत असं तो म्हणाला होता."

वाक्य मी बसमध्ये पाठ केलं.
छोटंसं होतं. तोंडात सहज मावेल असं.

समोरच्या वकीलबाई माझ्या भाचीच्या वयाच्या.
चेक वर धरून विचारलं,
"तारीख कुणाच्या अक्षरात?"
"माझ्या."
"चेक घेतलात त्या दिवशी खात्यात पैसे होते असं समजत होतात?"

सुगुणन स्वतःच्या हातांकडे बघत होता,
काथ्यानं सोललेल्या.
माझे ब्लीचनं सोललेत.
राग आला मला. अजून येतो.
हात दाखवून कुणाचं कर्ज फिटत नाही.
पण आरंभाला?
त्या संध्याकाळी पडवीत
माग त्याच्या डोळ्यांपुढे सुरू झाला होता, खटक् खटक्,
तो आवाज मलाही ऐकू आला होता,
त्याच तालावर मी नोटा मोजल्या होत्या.
खोटं तो बोलला ते पुढे.
उद्या. ओणमला. माल बंदरातून सुटला की.
पुढच्या खोट्याला या कलमात खुर्ची नाही.

"नाही," म्हणाले.
"खातं रिकामं आहे हे त्यानंच सांगितलं होतं."

टायपिस्टनं ते लगेच पकडलं.
वासवन वकिलांनी फाइल मिटली,
पाहुणे गेल्यावर दार लावतात तशी.

निकाल पुढच्या महिन्यात. तो सुटेल.
दिवाणी दावा लावा म्हणतात, मुदत उरली असेल तर.
धर्मगुरूंनी विचारलं, मन हलकं झालं का?
एक लाख ऐंशी हजारांनी झालंय, म्हटलं.

आमच्या गावाला एकच बस.
मी पुढच्या दारानं चढले, तो मागच्या.
कंडक्टर म्हणाला, चेची, तुमचं तिकीट मागून काढलंय.
मी वळून पाहिलं नाही.
पिशवीतून वही काढली,
अठरा रुपये जमा लिहिले
आणि तारीख घातली.